कुंडलिका : नातीचं नाव आणि रोह्याची नदी



शेताची खबर आधी देऊन टाकतो. वालाला फूल चांगलं धरलंय, खालच्या शेंगा भरायला लागल्यात. मावा दोन ओळींत दिसला, बाकी शेत साफ आहे. पोपटीला अजून दहा-बारा दिवस आहेत, त्याआधी कोणी शेंगा मागू नका. खारीत उधाणाचं पाणी बांधाच्या कडेला लागून गेलं, पण खांड कुठे पडली नाही. शेताचं एवढंच.

आजची नोंद वेगळी आहे. गेल्या रविवारी नातीचं बारसं झालं. नाव ठेवलं कुंडलिका. आत्यानं कानात सांगून मग मोठ्यानं नाव घेतलं तेव्हा पाळण्याभोवतीच्या बायका जरा गप्पच झाल्या. मग एक म्हातारी म्हणाली, "म्हणजे ती रोह्याची नदी?" तेव्हापासून रोज कोणी ना कोणी विचारतंय. सोसायटीत विचारतात, बाजारात विचारतात, दोन कृषी सहायकांनी फोन करून अभिनंदन केलं आणि लगेच हाच प्रश्न. एकेकाला सांगत बसण्यापेक्षा इथे एकदाच लिहितो.

सुरुवात अक्षरापासून झाली. पत्रिकेत आर्द्रेचा पहिला चरण निघाला आणि अक्षर आलं 'कु'. आर्द्रा ऐकून मला बरं वाटलं. पावसाचं नक्षत्र सूर्यावरून धरतात आणि जन्माचं चंद्रावरून, हे मला माहीत आहे, तरी भातवाल्या माणसाला आर्द्रा म्हटलं की जूनच्या शेवटचा पाऊस आणि राबात उभं राहिलेलं हिरवं आवण दिसतं, त्याला इलाज नाही. 'कु'वरून मुलानं मोबाईलवर यादी काढली. कुमुद, कुसुम, कुंदा, कुंजल, कुहू. त्याला कुहू आवडलं होतं. वाईट नाही, पण कोकिळा बोलून उडून गेल्यासारखं वाटलं मला. सून बाळंतपणाला माहेरी रोह्याकडे होती, पोर तिकडेच जन्मली. तिनं फोनवर सांगितलं, "बाबा, कुंडलिका ठेवूया का?"

मला ते तिथल्या तिथे पटलं, आणि पटण्याचं कारण भाताचं बियाणं. हसू नका. आपल्या दापोलीच्या डॉ. बाळासाहेब सावंत कोकण कृषी विद्यापीठाची भातं बघा. कर्जत-३, कर्जत-७, कर्जत-२, रत्नागिरी-१, रत्नागिरी-२४, फोंडाघाट-१, पालघर-१. संकरित वाण काढले त्यांना तर सह्याद्रीचं नाव दिलं. खारं सोसणारी आमची जात पनवेल-१, २ आणि ३. पनवेलच्या खार जमीन संशोधन केंद्रावर ती निघाली म्हणून पनवेल. ती पेरतो आम्ही पेणच्या खारेपाटात, कोणी अलिबागच्या खारीत पेरतो, पण म्हणून तिला कोणी पेण-३ म्हणत नाही. बी जिथे तयार झालं त्या जागेचं नाव त्याला चिकटतं आणि मग ते कुठेही जाऊन रुजलं तरी नाव तेच राहतं. आणि शेतकऱ्याला त्या नावातून पुष्कळ कळतं. कर्जत-३ म्हटलं की हळवं, रत्नागिरी-२ म्हटलं की गरवं, पनवेल म्हटलं की खारीतलं. पिशवी उघडायची गरज नाही. अलिबागच्या पांढऱ्या कांद्याला भौगोलिक मानांकन मिळालं तेही असंच, जागेचं नाव हीच त्या मालाची ओळख झाली. मग पोर रोह्याला जन्मली, आई रोह्याची, तर वाढणार पेणला असली तरी नाव रोह्याच्या नदीचं असायला काय हरकत आहे? आमच्या हिशेबानं हे शास्त्राला धरूनच झालं.

शास्त्राचं नाव काढलं म्हणून सांगतो. एका जाणत्या पाहुण्यांनी हरकत घेतलीच. म्हणाले, नदीचं नाव मुलीला ठेवू नये, तसं लिहिलेलं आहे. मी विचारलं, कुठे? त्यांनी मनुस्मृती सांगितली. मी एका ओळखीच्या मास्तरांना विचारून घेतलं, आणि खरंच आहे. तिसऱ्या अध्यायात लग्नासाठी कोणती मुलगी करू नये त्याची यादी आहे, त्यात नक्षत्राचं, झाडाचं, नदीचं, डोंगराचं, पक्ष्याचं, सापाचं नाव असलेली मुलगी टाळावी असं म्हटलंय. वाचून मी थक्क झालो. म्हणजे रोहिणी गेली, रेवती गेली, गंगा गेली, यमुना गेली, गोदावरी गेली, तुळसा गेली, मैना गेली. या यादीप्रमाणे वागायचं ठरवलं असतं तर आमच्या गावातल्या मागच्या तीन पिढ्यांतल्या निम्म्या बायकांची लग्नंच झाली नसती, आणि तुम्हीआम्ही आज इथे नसतो. आपल्या लोकांनी ती यादी कधी मोजलीच नाही. पाहुण्यांना हेच सांगितलं, त्यांनी चहा घेतला आणि विषय बदलला.

खोटं वाटत असेल तर घरातला जुना सातबारा काढा, जुने फेरफार काढा. वारसाच्या नोंदी वाचा. काशीबाई, मथुराबाई, द्वारकाबाई, अयोध्याबाई, गंगूबाई, यमुनाबाई, गोदावरी, भागीरथी, नर्मदा, चंद्रभागा. आमच्याकडच्या एका फेरफाराला चार बहिणी आहेत, काशी, मथुरा, द्वारका आणि यमुना. नाशिकच्या पलीकडे त्या घरातला एकही माणूस त्या काळी गेला नसेल. एस.टी. नव्हती, गाठीला पैसा नव्हता, खारीचा बांध सोडून आठ दिवस जाणं कोणाला परवडणार? मग काशीला जाता येत नाही तर काशी घरात आणायची. "अगे काशी, पाणी आण" म्हटलं की काशीचं नाव तोंडात आलं. त्या माणसांनी मुलींच्या नावावर तीर्थयात्रा केली असं मला वाटतं. त्यातली एखादी काशी जन्मभर वडखळच्या बाजारापलीकडे गेली नसेल तो भाग वेगळा.

आता ही नावं गेली. आज कोणी मुलीला मथुरा म्हणणार नाही, म्हटलं तर लोक म्हणतील पणजीचं नाव ठेवलं. पण जागेचं नाव ठेवायची सवय मात्र गेलेली नाही, फक्त ओळखू येत नाही. माझ्या वयाच्या लोकांच्या वर्गात दोन-तीन वैशाली असायच्याच. वैशाली हे बिहारमधलं जुनं नगर, बुद्धाच्या काळचं. अवंतिका म्हणजे उज्जैन. मैथिली म्हणजे मिथिलेची, वैदेही म्हणजे विदेहाची. ही नावं ठेवताना कोणी नकाशा बघत नाही, कानाला गोड लागतं म्हणून ठेवतात. तरी जागा आत बसलेली आहेच.

हा धागा हातात आला आणि मी जरा ओढत गेलो. रामायण-महाभारतातल्या बायका बघा. कौसल्या म्हणजे कोसल देशाची. कैकेयी म्हणजे केकय देशाची. गांधारी गांधारची, माद्री मद्र देशाची, पांचाली पांचालची. कैकेयीला आईबापांनी पाळण्यात काय नाव ठेवलं होतं हे आपल्यातल्या कितीजणांना सांगता येईल? सासरी आली ती "केकयवाली" म्हणून, आणि तेच नाव राहिलं. हे वाचून मला आमची गल्ली आठवली. आमच्याकडे आजही जुन्या बायका एकमेकींना माहेरच्या गावावरून हाका मारतात. नागोठणेवाली, वाशीवाली, पोयनाडवाली, हमरापूरवाली. माझ्या आईला शेजारपाजारच्यांनी कधी नावानं हाक मारलेली मी ऐकली नाही. तिला तिच्या गावावरूनच ओळखायचे, आणि तिचं खरं नाव मला शाळेच्या दाखल्यासाठी विचारलं तेव्हा नीट कळलं. लग्नात मुलीचं आडनाव जातं, पुष्कळांकडे पहिलं नावही ताटातल्या तांदळात बोटानं नवं लिहून बदलतात, पण माहेरचा गाव काही तिच्यापासून सुटत नाही. गंमत म्हणजे तो सासरचे लोकच धरून ठेवतात, कधी कौतुकानं, कधी टोमण्यासाठी.

नाव बदलण्याचं सांगायचं तर मोठमोठ्यांची उदाहरणं आहेत. डॉक्टर आनंदीबाई जोशी, १८६५ साली जन्मल्या तेव्हा यमुना. लग्नानंतर आनंदी. रमाबाई रानडे, त्याही माहेरच्या यमुनाच. दोन यमुना लग्नात गेल्या आणि दोन मोठ्या बायका झाल्या, पण यमुना हे नाव कोणाला ठाऊक नाही. आणि झाशीची राणी. तिचं माहेरचं नाव मणिकर्णिका. काशीत जन्म, आणि काशीतला घाट मणिकर्णिका. आईचं नाव भागीरथी. म्हणजे आई नदी आणि मुलगी त्या नदीवरचा घाट. पुढे लग्नात ती लक्ष्मीबाई झाली.

आता यातली खरी गंमत ऐका, मला ती मास्तरांनी दाखवली. मणिकर्णिका म्हणजे कानातलं रत्नाचं भूषण. देवाचं कानातलं तिथे पडलं म्हणून घाटाला ते नाव, अशी कथा सांगतात. आणि कुंडलिका? कुंडल म्हणजेही कानातलं, गोल, वळ्यासारखं. कुंडलिका म्हणजे लहानसं वळं, वेटोळं. कोलाडकडून रोह्याकडे येताना नदी कशी वळत येते ते ज्यांनी पाहिलंय त्यांना अर्थ सांगायला नको. काशीचा घाट आणि आमच्या रोह्याची नदी, दोघींच्या नावात कानातलंच निघालं. हे सुनेला सांगितलं तर ती म्हणाली, "बघा, मग कानातली तुम्हालाच करावी लागणार." करतो म्हटलं, वाल विकले की.

मधे एक दिवस मुलानं दुसऱ्या नद्या काढल्या. म्हणाला, नदीच हवी तर आपली पेणची ठेवू, भोगावती. अर्थ फार मोठा आहे. पाताळातल्या गंगेला पुराणात भोगावती म्हणतात, म्हणजे आपली भोगावती आणि शेजारची पाताळगंगा, दोन नद्या आणि नाव एकाच गंगेचं. पण मराठीत भोग म्हटलं की "काय भोग आलेत नशिबी" हेच आधी आठवतं. पोरीच्या नावात ते नको, असं घरात सगळ्यांचं एकमत झालं. अंबा म्हणाल तर देवीचं नाव, तोंडात बसलेलं. पण आमच्या वयाच्या माणसाला अंबा नदी म्हटलं की जुलै १९८९ चा जांभूळपाड्याचा पूर डोळ्यासमोर येतो. सुधागडकडची ज्यांची माणसं त्या रात्री गेली त्यांच्यासमोर ते नाव हौसेनं घ्यायला जीभ उचलत नाही. सावित्री तर सगळ्यात उत्तम नाव. महाबळेश्वरला उगम, महाडवरून समुद्राला, आणि नायगावच्या सावित्रीबाईंमुळे आणखी मोठं झालेलं. पण अक्षर जुळत नव्हतं. महाडची गांधारीसुद्धा आहे, ती मी सुचवली नाही. डोळ्यांवर पट्टी बांधलेलं नाव मला नको होतं.

खरा वाद झाला तो आमच्या मंडळींशी. तिचा मुद्दा सरळ होता आणि वजनदार होता. म्हणाली, "अहो, त्या नदीची अवस्था काय झालीय ते माहीत आहे ना? ज्या पाण्यात जनावर उतरवताना लोक विचार करतात, त्याचं नाव आपल्या पोरीला?"

यावर मी लगेच काही बोललो नाही, कारण यात खोटं काही नव्हतं. रोह्याशेजारी धाटावची औद्योगिक वसाहत, रसायनांचे कारखाने, आणि केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या प्रदूषित नदीपट्ट्यांच्या यादीत कुंडलिकेचं नाव आलेलं आहे. खाडीतल्या मच्छीवाल्यांना विचारा, ते यादी न वाचता सांगतील. नाव ठेवताना आपण अर्थ बघतो, आवाज बघतो, पण त्या नावाची वस्तू आज कशी आहे ते बघत नाही. गंगेचं नाव ठेवणाऱ्यांना ती अडचण आली नाही, कारण त्यांची गंगा लांब होती. आमची कुंडलिका तीस-पस्तीस किलोमीटरवर आहे. पोर मोठी होऊन पुलावर उभी राहिली की खाली बघणारच.

सुनेनं जे उत्तर दिलं ते मी तिच्याच शब्दांत देतो. "आई, माझी बारावी आणि डी.एड. बाबांनी उन्हाळी भातावर केली. ते पाणी तिचंच."

हे आमच्या घाटावरच्या वाचकांना समजावून सांगायला हवं. कोकणात पाऊस ढीगभर, पण दिवाळी झाली की नद्या वाळतात. कुंडलिका वाळत नाही. कारण तिच्यात उन्हाळ्यात जे पाणी असतं ते मुळात तिचं नाही, ते मुळेचं आहे. मुळशीला मुळा नदीवर टाटांनी धरण बांधलं, ते पाणी सह्याद्रीतून बोगद्यानं आणि नळांनी खाली सोडून भिऱ्याला वीज केली. भिऱ्याचं वीजघर १९२७ पासूनचं. वीज करून झाली की पाणी कुंडलिकेत सोडतात. त्यावर कोलाडला शहरातले लोक येऊन रबरी बोटींतून ओरडत जातात, पाणी कधी सुटणार त्या वेळा बघून त्यांचा धंदा चालतो. पुढे डोलवहालला बंधारा आहे, तिथून कालवे निघून रोहा आणि माणगाव तालुक्यांत फिरतात. त्या कालव्यांवर उन्हाळी भात होतं. आमच्या व्याह्यांची सव्वा एकर जमीन त्याच कालव्याखाली आहे. आम्ही खारेपाटवाले एक पीक घेऊन आभाळाकडे बघत बसतो तेव्हा तिकडे जानेवारीत चिखलणी चाललेली असते. खरं सांगतो, मुलाचं लग्न ठरवायला गेलो होतो फेब्रुवारीत, ते हिरवं रान बघून मला मुलीआधी जमीन पसंत पडली होती.

पण हे पाणी फुकट आलेलं नाही. धरणाखाली मुळशी खोऱ्यातली मावळ्यांची गावं आणि भाताची खाचरं गेली. १९२१ साली तिथे सत्याग्रह झाला, सेनापती बापट त्यात पुढे होते. धरण झालं ते झालंच. मुळा मूळची पुण्याकडे जाणारी, तिथून भीमा, तिथून कृष्णा, आणि शेवटी बंगालचा उपसागर. तिचं पाणी डोंगर फोडून उलट्या बाजूला आणलं आणि आता ते कोर्लई-साळावसमोर रेवदंड्याच्या खाडीतून अरबी समुद्राला मिळतं. वाटेत कुंडलिका हे नाव घेऊन. एका घरची मुलगी दुसऱ्या घरी आणून नाव बदलावं तसंच ते. मला हे सुचल्यावर मी मंडळींना सांगितलं. ती काही बोलली नाही. तिचंही नाव लग्नात बदललेलं आहे. संध्याकाळी म्हणाली, "ठेवा. पण पोरीचं लग्नात नाव बदलायचं नाही, हे आत्ताच लिहून ठेवा." म्हणून हे इथे लिहून ठेवलंय, साक्षीदार तुम्ही सगळे.

मुलाची एक शंका राहिली होती, शाळेतली. पोरं चिडवतील, कुंडी म्हणतील. म्हणतील बहुतेक. पोरं कशालाही चिडवतात, माझ्या साध्या नावाला शाळेत काय काय म्हणायचे ते इथे लिहिण्यासारखं नाही. लांब नाव असलं की घरात ते छोटं होतंच. मंडळींनी आत्ताच कुंदा करून टाकलंय, म्हणजे नको-नको म्हणणारीनंच घरचं नाव पाडलं. आणि खरं सांगायचं तर जागेवरून नाव ठेवणं हे काही आपलंच वेड नाही. परिचारिकांची आद्य गुरू फ्लॉरेन्स नाइटिंगेल, ती १८२० साली इटलीतल्या फ्लॉरेन्स शहरात जन्मली म्हणून फ्लॉरेन्स. तिची थोरली बहीण नेपल्सला जन्मली, त्या शहराचं जुनं ग्रीक नाव पार्थेनोपी, तर बहिणीला ते नाव ठेवलं. इंग्रज आईबाप प्रवासात होते, गाव येईल तसं नाव ठेवत गेले. पुढे फ्लॉरेन्स एवढी मोठी झाली की लोकांनी तिच्यावरून आपल्या मुलींना फ्लॉरेन्स म्हणायला सुरुवात केली, ज्यांनी ते शहर कधी बघितलंही नाही. आपल्याकडे गोदावरी परुळेकरांचं तसंच म्हणता येईल. १९४५ साली वारल्यांना वेठबिगारीविरुद्ध उभं केलं त्या बाईंनी. डहाणू-तलासरीकडच्या माणसाला गोदावरी म्हटलं की नाशिकची नदी आठवत असेल की गोदूताई?

जागेच्या नावाचा भरवसा किती, असंही एकानं विचारलं. जागांचीच नावं बदलतात म्हणे. बरोबर आहे. मी शाळेत होतो तेव्हा आमच्या पुस्तकावर जिल्हा कुलाबा लिहायचो, १९८१ पासून रायगड लिहायला लागलो. पण नद्यांची नावं कलेक्टर कचेरीतून सहसा बदलत नाहीत.

आता कामाचं. ज्यांच्या घरी लहान मूल आहे त्यांच्यासाठी. जन्माची नोंद २१ दिवसांत करायचीच, ती नाव न ठेवताही होते. नाव मागाहून घालता येतं, बारा महिन्यांपर्यंत त्याला पैसे पडत नाहीत, त्यानंतर विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत घालता येतं. पण थांबू नका, कारण पुढे आधार, शाळा, बँक सगळं त्या दाखल्यावर चालतं आणि दाखल्यातली वेलांटी चुकली की दहा फेऱ्या. दुसरं, १ मे २०२४ नंतर जन्मलेल्या मुलांचं नाव आपल्या राज्यात सरकारी कागदावर या क्रमानं लिहायचं आहे: आधी मुलाचं नाव, मग आईचं, मग बापाचं, मग आडनाव. आमच्या पोरीच्या दाखल्यावर कुंडलिका या शब्दाला लागून तिच्या आईचं नाव येणार. रोह्याची नदी आणि रोह्याची मुलगी शेजारी शेजारी, आणि मग पेणवाले आम्ही. मुलगा म्हणाला, आपण शेवटी आलो. म्हटलं, खाडी शेवटीच येते.

पावसाळा संपला की पोरीला घेऊन भिऱ्यापासून रेवदंड्यापर्यंत एकदा नदीच्या कडेकडेनं जायचं ठरवलंय, गाडीनंच, चालत नाही. व्याही म्हणाले डोलवहालला जेवण त्यांच्याकडे. धाटावच्या खाली नदी कशी दिसते तेही तिला दाखवायचं. अजून तिला काही कळणार नाही, पण फोटो काढून ठेवू.

तुमच्याकडे एक मागणं आहे. आमच्या खाचराच्या उत्तरेला एक वहाळ आहे, त्याला तीन गावांत तीन नावं आहेत आणि सरकारी नकाशावर एकही नाही. तुमच्या शेताशेजारच्या वहाळाला, पऱ्ह्याला, ओढ्याला जुनी माणसं काय म्हणतात ते लिहा. आणि जमलं तर घरच्या जुन्या सातबाऱ्यावरची आज्या-पणज्यांची नावंही लिहा. मी वहीत उतरवून घेतोय. व्याह्यांच्या घरी दुसरं बाळंतपण मार्चमध्ये आहे, त्यांनी आत्ताच यादी मागितलीय.